कणकीवर झोपलेलं अस्वल

बा, मुक्या सिनेमाच्या पडद्यावरच्या त्या इंग्रजी पाट्यांवर काय लिहिलेलं असायचं, हे तुला ठाऊक होतं का? हा प्रश्न मी दहा वर्षं बाळगून आहे आणि त्याचं उत्तर मला देता येत नाही. या वर्षी मी बी.ए. झाले. आपल्या घरातली पहिलीच, आणि मायच्या सांगण्याप्रमाणे तिच्या माहेरचीही पहिलीच. परीक्षेत बहुतेक प्रश्नांना काही ना काही लिहिता आलं, पण या एका प्रश्नापाशी येऊन मी थांबते. तू असतास तर एका शब्दात सांगितलं असतंस, किंवा हसून विषय बदलला असतास. मी हे पुस्तकी मराठीत लिहिते आहे याचंही तुला हसू आलं असतं. मायशी मी अजून आपल्याच बोलीत बोलते, पण लेखणी हातात घेतली की वाक्यं शाळेत गेल्यासारखी ताठ बसतात.

तू गावकी सोडलीस तेव्हा मी आठ वर्षांची होते. गावकी म्हणजे काय ते मला तेव्हा कामांच्या नावांनी माहीत होतं: गावात मेलेलं ढोर ओढून न्यायचं, दवंडी द्यायची, कोणाकडे माणूस मेलं की त्यांच्या सोयऱ्यांना गावोगाव निरोप पोचवायचे. आपल्या मोहल्ल्यातल्या घरांवर त्याची पाळी असे. आपली पाळी चालू असताना पाटलाच्या गोठ्यात बैल मेला. बोलवायला माणूस आला तेव्हा तू ओट्यावर बसून विळ्याला धार लावत होतास. तू मान वर न करता म्हणालास, "पाटलाले सांगजो, आजपासून माया हातून हे काम नाई होत." त्या माणसाला वाटलं तुझी तब्येत बरी नाही. त्यानं विचारलं, "मंग उद्या येतं का?" तू म्हणालास, "उद्याही नाई."

गावानं कारण विचारलं नाही. गावानं नाव ठेवलं. आठवड्याभरात तू आयशी झालास, आळशी. विहिरीवर, पारावर, पिठाच्या गिरणीत, सगळीकडे तेच. आर्वीच्या कापसाच्या जिनात तू कामाला गेलास तर तिथल्या मुकादमाला आधीच कळलेलं होतं की या गावचा एक आळशी माणूस काम सोडून फिरतो आहे. संत्र्याच्या बागेत तुला राखणीला ठेवलं आणि दहाव्या दिवशी काढलं. विहीर खणायला गेलास तिथून दुपारीच परत आलास. त्या वर्षी तू जितका चाललास तितका गावातला कोणी कामाचा माणूस चालला नसेल. संध्याकाळी पाय धूत असताना तू मायला सांगायचास, "आज थ्या गावाले गेलतो," आणि माय विचारायची नाही की काम मिळालं का. ती भाकर वाढायची.

मग तळेगावच्या बाजारात एकदा कोणाचं तरी लेकरू हरवलं. आई रडत सैरावैरा फिरत होती. तू भाजीवाल्याच्या उपड्या टोपलीवर उभा राहिलास आणि दवंडीच्या आवाजात हाक दिलीस. लाल अंगरखा, एक पाय अनवाणी, कानात बाळी. बाजाराच्या त्या टोकापर्यंत प्रत्येक शब्द गेला आणि पोर सापडलं. गावकी सोडली तरी गावकीनं कमावलेला आवाज तुझ्यापाशीच राहिला होता. तो आवाज ऐकला काळ्या तंबूत सिनेमा दाखवणाऱ्या मालकांनी.

मालक पूर्वी वर्ध्याच्या टॉकीजमध्ये यंत्र चालवायचे. बोलपट आले तेव्हा जुनं हातानं फिरवायचं यंत्र आणि टाकून दिलेली तीन मुकी रिळं त्यांनी मागून घेतली होती. बाजाराच्या दिवशी ते आतून-बाहेरून काळ्या ताडपत्रीचा तंबू ठोकत. भर दुपारी आत अंधार असे आणि लोक घामाघूम होऊन बाहेर पडत. पण चित्र मुकं, पाट्या इंग्रजी, आणि मालकांना दमा. चार वाक्यं बोलले की खोकल्याची उबळ येई आणि हात थांबला की पडद्यावरचं सगळंच थांबे. त्यांनी तुला विचारलं, "मी फिरवतो, तू सांगशील का?" तू विचारलंस, "काय सांगू?" ते म्हणाले, "जे दिसते ते."

तीन रिळांतलं लोकांना आवडायचं ते एकच: हातानं काढलेल्या हलत्या चित्रांचं, आळशी अस्वलाचं. ते तू आधी आपल्या चुलीपुढे बसवलंस. माय भाकरी थापते आहे, मी दिव्याशेजारी शाळेचं पुस्तक घेऊन बसले आहे आणि तू हातात तुरीची काडी, तुराटी, घेऊन धुरानं काळ्या झालेल्या भिंतीला पडदा समजून उभा आहेस. अस्वल झाडाखाली झोपलेलं आहे. त्याची बायको झाडू घेऊन येते. तू बायकोचा आवाज काढतोस आणि माय म्हणते, "असं कोण बोलते? बायको असं बोलते का?" तू म्हणतोस, "मंग कशी बोलते?" माय परातीवरचा हात न थांबवता म्हणते, "अवो, उठता का टाकू पाणी? सूर्य डोक्यावर आला, शेजारचं माकड दोन कामं करून आलं." त्यानंतर प्रत्येक बाजारात अस्वलाची बायको मायच्या आवाजात बोलली. माय स्वतः तंबूत कधी आली नाही. म्हणायची, "मले माया आवाज आयकाले बाजारात कायले जा लागते?"

मी मात्र दर बाजारी येत होते, कारण शाळा तळेगावातच होती. ते चित्र मी इतक्या वेळा पाहिलं की अजून डोळे मिटून सांगू शकेन. बायको हाकलते, अस्वल कामाला निघतं. पहिल्यांदा पावाच्या भट्टीत. तिथं ते कणकीच्या गोळ्यावर झोपतं, कणीक फुगत जाते आणि अस्वल छताला चिकटतं. भट्टीवाला लाथ मारून बाहेर काढतो आणि पाटी येते, काळ्यावर पांढरी अक्षरं. पुढे रेल्वेचं फाटक. फाटकाचा दोर पायाला बांधून अस्वल झोपतं आणि गाडी आली की फाटकाबरोबर उलटं वर जातं. शेवटी गाद्यांच्या दुकानात त्याला नोकरी मिळते. दुकानाच्या काचेत गादीवर झोपून दाखवायचं, म्हणजे गिऱ्हाइकाला गादी मऊ आहे ते कळेल. आणि तिथं, झोपणं हेच काम झाल्यावर, त्याला झोप येत नाही. ते डोळे ताणून बसतं आणि चित्र संपतं.

तू पडद्याच्या डाव्या बाजूला उभा राहायचास. तुराटीची सावली पडद्यावर पडायची. भट्टीपाशी तू सांगायचास, "हे पाहा, शेटजीची भट्टी. शेटजी म्हणे, अस्वला, तू राख काढ, लाकडं वाह्य, पण कणकीले हात लाऊ नको. तुया हात लागला तं पाव कोणी खाणार नाई. अस्वल म्हणे, बरं शेटजी, हात नाई लावत." इथं तू थांबायचास. पडद्यावर अस्वल कणकीवर चढत असायचं. "हात नाई लावला. अंग टाकलं." आपल्या मोहल्ल्यातली माणसं क्षणभर आधी हसायची. बाकीचे नंतर हसायचे, आणि काही जण हसून झाल्यावर इकडेतिकडे बघायचे. मला तेव्हा एवढंच कळायचं की तंबू भरतो आहे आणि तुला आता कोणी आयशी म्हणत नाही. ते तुला "अस्वलवाले" म्हणत होते.

मी सहावीत गेले आणि मला इंग्रजी पाटी वाचता येऊ लागली. अक्षरं आधी सुटी सुटी दिसायची, मग एका बाजारी ती एकदम शब्द झाली. भट्टीतून अस्वलाला हाकलल्यावर जी पाटी येते तिच्यावर तू सांगतोस त्यातलं काहीच नव्हतं. तू सांगायचास, "अस्वल म्हणते, मी काम नाई सोडलं. हे काम सोडलं." पाटीवर लिहिलं होतं की हे अस्वल आळशी आहे, ते कोणाच्याच कामाचं नाही. मी पुढच्या बाजारी पुन्हा वाचून खात्री केली. त्याच्या पुढच्याही बाजारी. आमच्या शाळेत गुरुजी रोज सांगत की जे लिहिलं आहे ते जसंच्या तसं वाचावं, पदरचं घालू नये. मला ते पटलेलं होतं. मला अशा गोष्टी फार लवकर पटतात, अजूनही.

त्या दिवशी तंबूत गुरुजी आले होते. पुढच्या बाकावर पाटलाचा भाचा होता, मांडीवर मुरमुऱ्यांचा पुडा घेऊन. पाटी आली, तू तुझं वाक्य म्हणालास आणि मी उभी राहिले. म्हणाले, "नाही बा, तसं नाही लिहिलं." आणि वर्गात वाचतात तशी मी ती पाटी वाचली, आधी इंग्रजीत, मग मराठीत. हे अस्वल आळशी आहे. ते कोणाच्याच कामाचं नाही. मालकांचा हात थांबला. पाटी पडद्यावर तशीच राहिली.

पाटलाचा भाचा म्हणाला, "पोट्टी वाचून राह्यली अन् बाप थापा मारून राह्यला."

मागून कोणी म्हणालं, "आयशी माणूस आयशाचीच बाजू घेईन."

तू दवंडी देतात तसा गळा साफ केलास आणि सगळ्या तंबूला ऐकू जाईल असं म्हणालास, "आयका. पोट्टी बराबर वाचते. पाटीवर जे हाये ते हेच हाये."

"मंग इतके दिवस तू काय सांगून राह्यलता?"

"जे दिसते ते," तू म्हणालास आणि तुराटी खाली ठेवलीस. मालकांनी यंत्र पुन्हा फिरवलं. फाटक वर गेलं, खाली आलं, अस्वल गादीवर जागं बसलं, आणि तंबूत यंत्राच्या खडखडाटाशिवाय आवाज नव्हता.

घरी जाताना आपण कोसभर चाललो. तू पुढे, मी मागे. मी वाट पाहत होते की तू रागावशील. ओढ्यापाशी तू थांबून मला पुढे जाऊ दिलंस आणि विचारलंस, "त्या पाटीवर अजून काय लिव्हलं होतं?"

"एवढंच."

"काऊन आयशी हाये, ते नाई लिव्हलं?"

"नाई, कारण नाई लिव्हलं."

"मंग अर्धंच लिव्हलं त्यायनं," तू म्हणालास. एवढंच. मला ते तेव्हा तक्रारीसारखं वाटलं, चुकलेल्या माणसानं पुस्तकाला नावं ठेवावीत तसं. आयुष्यात तू मला कधी रागावला असशील तर तेवढाच.

मालकांनी पुढच्या बाजाराला मलाच उभं केलं. त्यांना वाटलं, शाळेतली मुलगी इंग्रजी वाचते हे बघायला लोक लोटतील. पहिल्या बाजारी लोटलेही. मी स्पष्ट वाचलं, अर्थ बरोबर सांगितला, कुठं अडले नाही. दुसऱ्या बाजारी निम्मे आले. तिसऱ्या बाजारी भट्टीच्या पाटीनंतर एक म्हातारी उठली आणि दाराशी म्हणाली, "चाल वो, अस्वल आज बोलतच नाई." तू ताडपत्री धरून बाहेर उभा होतास. तू तिला ऐकलंस, मीही ऐकलं. चौथ्या बाजारी मालकांचा तंबू तिथं नव्हता. ते पुलगावकडे गेले असं कळलं. जाण्याआधी त्यांनी रिळातला तुटलेला एक तुकडा तुला दिला होता. तो तू माझ्या इंग्रजीच्या पुस्तकात आणून ठेवलास. बोटभर पट्टी, तिच्यात एकाखाली एक सात अस्वलं, सातही सारखी. उजेडाकडे धरून तू विचारलंस, "हे झोपलं हाये का जागं हाये?" मी निरखून पाहिलं आणि सांगितलं, सांगता येत नाही. तू म्हणालास, "चांगलं शीक. मंग सांगजो."

त्यानंतर तू सडकेवर गिट्टी फोडायला गेलास आणि पुढच्या पावसाळ्यात हिवतापानं गेलास. तुझ्या जाण्याचा आणि पाटीचा संबंध मी जोडत नाही. ताप मोहल्ल्यातल्या चार घरांत होता. पण तू गेलास तेव्हा गाव पुन्हा तुला आयशी म्हणत होतं, आणि ते नाव परत मिळण्यात माझा हात होता, एवढं खरं आहे.

मायनं कापूस वेचून, निंदण करून मला वर्ध्याच्या वसतिगृहात ठेवलं. कॉलेजच्या अर्जावर वडिलांच्या धंद्याचा रकाना होता. मी 'मजुरी' लिहिलं. 'सिनेमात कथन' असं लिहिण्याची मला लाज वाटली, आणि खोटं तर मजुरी हेही नव्हतं. सुट्ट्यांत मी पवनारला श्रमदानाच्या शिबिरात जायची. धाम नदीच्या काठावर आम्ही मातीच्या टोपल्या वाहिल्या, सूत कातलं, संडास साफ केले. मला ते मनापासून आवडलं. श्रमाच्या प्रतिष्ठेवर मी निबंध लिहिला आणि त्याला बक्षीस मिळालं. परवा तो पुन्हा वाचला. 'कोणतंही काम हलकं नाही' असं मी त्यात चार वेळा लिहिलं आहे. ते काम कोणी कोणाला आणि किती पिढ्या करायला लावलं, हे कुठंच लिहिलेलं नाही. मीही अर्धंच लिहिलं होतं.

आणि तुला हेही सांगायला हवं की तीन वर्षांपूर्वी माय नागपूरला जाऊन दीक्षा घेऊन आली, पांढरं लुगडं नेसून, मोहल्ल्यातल्या बायांबरोबर चालत आणि मिळेल त्या गाडीनं. तेव्हापासून आपल्यातलं कोणीच मेलेलं ढोर ओढत नाही. तू एकट्यानं केलंस ते सगळ्यांनी मिळून केलं. तेव्हा कोणी आयशी म्हणालं नाही, निदान तोंडावर नाही.

आता मी समाजशिक्षणाच्या कचेरीत आहे, सहा महिन्यांच्या उमेदवारीवर. काम पटलं तर कायम करतील. आमचे साहेब चांगले आहेत, खादी घालतात, जीप असून जवळच्या गावी पायी जातात. पावसाळा संपल्यावर त्यांनी मला बोलावून सांगितलं, "गावोगाव श्रमदानाचा प्रचार करायचा आहे. एका म्हाताऱ्याकडचं यंत्र आणि एक चित्र भाड्यानं घेतलं आहे. आळशी जनावराचं आहे, लोक हसतील आणि बोधही घेतील. तुमचं इंग्रजी चांगलं आहे. पाट्यांचं भाषांतर करा, तेच प्रत्येक गावी वाचलं जाईल." मागच्या खोलीत गेले तर काळ्या तंबूतल्या रिळांचा तोच पोचे पडलेला डबा आणि शेजारी खोकणारे मालक. त्यांनी मला ओळखलं नाही. तुझं नाव सांगितलं तेव्हा म्हणाले, "अस्वलवाल्याची पोरगी?" आणि बराच वेळ माझा हात धरून बसले.

मी त्यांनाही तोच प्रश्न विचारला. पाट्यांवर काय आहे ते तुम्ही बाला सांगितलं होतं का? ते म्हणाले, "सांगितलंच असंल. पहिल्याच दिवशी बसून सगळ्या पाट्या सांगितल्या." दुसऱ्या दिवशी पुन्हा विचारलं तर म्हणाले, "मलाच कुठं इंग्रजी येत होतं?" तिसऱ्यांदा मी विचारलं नाही. तुला अर्थ माहीत नव्हता आणि तू रिकामी जागा भरलीस, की तुला नेमका माहीत होता आणि तू तो बदललास, यातलं काय खरं, ते आता कोणाकडेच नाही. तुझ्याकडून कोणतं झालं असावं असं मला वाटतं, ते दर दिवशी वेगळं असतं.

मी भाषांतर केलं. बारा पाट्या, बारा वाक्यं, एकाही शब्दाची चूक नाही. ते शनिवारी घरी घेऊन गेले आणि मायला वाचून दाखवलं. ती तांदूळ निवडत होती. ऐकून घेतलं आणि म्हणाली, "कणकीवर झोपलेलं कुठी गेलं?"

मी सांगितलं की चित्रात ते नुसतं झोपतं, 'हात नाई लावला' हे पाटीवर नाही, ते बा सांगायचा.

"तुया बाप नाई, मी सांगतलं होतं ते," माय म्हणाली. "तो म्हणे, अस्वल थकलं म्हून झोपलं. मी म्हटलं, थकून झोपण्यात काय मजा? पाटलीणबाई मले वाड्यावर दळाले बोलावे, दळून घे, पण पिठाले हात नको लाऊ म्हणे. हात न लावता कसं भरावं पीठ? एक दिवस मी म्हटलं, आता लोळतोच याच्यात. म्हटलं फक्त, लोळले नाई. मंग म्हटलं, निदान अस्वल तं लोळू दे."

तिनं एक खडा काढून बाजूला टाकला आणि पुढचे तांदूळ सुपात ओढले. मी दर बाजारी ज्याला हसायची तो विनोद कुठून आला हे मला त्या दिवशी, बी.ए. झाल्यावर कळलं. त्याच दिवशी मी वही उघडून प्रत्येक पाटीच्या भाषांतराखाली अस्वलाचं बोलणं लिहायला घेतलं. मला आठवलं ते मी, मला न आठवलेलं मायनं सांगितलं तसं.

पहिला खेळ तळेगावच्या शाळेत झाला. खिडक्यांना कांबळी लावली होती. मालक यंत्रापाशी आणि मी पडद्याच्या डाव्या बाजूला. पाटलाचा भाचा आता सरपंच आहे, तो पुढच्या खुर्चीवर होता. साहेब त्याच्या शेजारी. भट्टीची पाटी आली तेव्हा सरपंच हसत म्हणाला, "बाई, जसं लिव्हलं हाये तसंच वाचजा बरं. लहानपणी वाचलं होतं तसं." म्हणजे त्यालाही आठवत होतं.

मी पाटी वाचली. हे अस्वल आळशी आहे, ते कोणाच्याच कामाचं नाही. मग म्हणाले, "हे पाटी म्हणते. आता अस्वल काय म्हणते ते आयका." माझा आवाज तुझ्यासारखा नाही, मागच्या लोकांना ऐकू गेलं नसेल. तरी मी सांगितलं: मी काम नाई सोडलं. हे काम सोडलं. आपल्या मोहल्ल्याच्या बाजूला कोणीतरी "हां" म्हणालं, अगदी हळू. सरपंचानं पाय बदलून बसून घेतलं. फाटकापाशी लोक हसले. गादीवर अस्वल जागं बसलं तेव्हा एका बाईनं शेजारणीला विचारलं, "आता काऊन झोपत नाई ते?" आणि शेजारीण म्हणाली, "कोणी सांगतलं म्हून झोप येते का?"

साहेबांनी जीपमध्ये माझी वही मागून घेतली. चार दिवसांनी ती परत आली. वर त्यांच्या नीट अक्षरात शेरा होता: 'भाषांतर उत्तम. अस्वलाची वाक्ये मूळ चित्रात नाहीत, प्रचाराच्या हेतूशी जुळत नाहीत. ती काढून स्वच्छ प्रत द्यावी.' भेटले तेव्हा समजुतीनं म्हणाले, "बाई, पदरचं घालू नये. तुमच्यासारख्या मुलीनं तरी. आणि पुढच्या महिन्यात तुमचा कायम करण्याचा कागद माझ्याकडे येणार आहे." ते धमकी देत नव्हते, हे मला माहीत आहे. ते मला माझंच लहानपणचं वाक्य परत देत होते.

आता एक गोष्ट, जी मी आजवर कोणाला सांगितलेली नाही, मायलाही नाही. त्या दिवशी तंबूत मी उभी राहिले ते खऱ्यासाठी उभी राहिले, असं मी स्वतःला सांगत आले आहे. पण पाटी मला तीन बाजार आधीपासून वाचता येत होती. मी गप्प बसले होते, कारण मला कळत होतं की मी बोलले तर तुझं बोलणं थांबेल. गुरुजी आले तेव्हा मी बोलले. त्यांनी माझ्याकडे बघून मान हलवली, आणि ती मान हललेली मला फार आवडली. तू तुराटी खाली ठेवत होतास तेव्हा मी गुरुजींकडे बघत होते.

हे पत्र कुठं टाकायचं नाही, हे मला लिहायला बसतानाच माहीत होतं. ते सात अस्वलांच्या पट्टीजवळ त्याच पुस्तकात राहील. वहीचं वेगळं. साहेबांनी सांगितली तशी स्वच्छ प्रत मी केली. बाराही पाट्या, आणि बाराही पाट्यांखाली अस्वलाचं बोलणं, एक वाक्य न गाळता. पहिल्या पानावर 'भाषांतर' याच्यापुढे माझं नाव आहे. त्याखाली 'कथन' अशी नवी ओळ घातली आणि तिच्यापुढे तुझं नाव लिहिलं, आणि तुझ्या नावाशेजारी मायचं. मायला वाचता येत नाही. तिनं विचारलं, "माया नाव कोणतं?" मी दाखवलं तेव्हा तिनं त्यावर बोट ठेवलं, तर शाई ओली होती. थोडी फासली गेली. ते पान मी पुन्हा लिहिलं नाही. वही काल सकाळी साहेबांच्या टेबलावर ठेवून आले.